न शेकलेली हलगी

येलहंक्याच्या पुढे, शहराबाहेरच्या मोकळ्या मैदानावर संगीत आणि तंत्रज्ञानाचा तो मोठा महोत्सव भरला होता. आमच्या कंपनीने तिथे दिव्यांचा मनोरा उभा केला होता. वाद्याच्या ठेक्यावर दिवे चढायचे, उतरायचे. प्रोग्राम माझा होता. वाजवायला निपाणीकडून आप्पांना, माझ्या वडिलांना, मीच बोलावलं होतं. त्यांच्या हलगीच्या जोरावर आमच्या घरातला मी पहिला पदवीधर झालो. ती हलगी एवढ्या लोकांनी ऐकावी, एवढंच मला हवं होतं.

हलगीचं कातडं वाजवण्याआधी जाळावर शेकावं लागतं, नाहीतर ती बोलत नाही. हे मला लहानपणापासून ठाऊक. तरी आयोजकांच्या फॉर्मवर 'कलाकाराला काय लागेल?' यापुढे मी 'काही नाही' लिहिलं. 'जाळ' लिहायची लाज वाटली. त्या लाजेचा मला आजही संताप येतो.

त्या दिवशी ढगाळ होतं, कातडं सादळलं होतं. आप्पांनी मंचामागे चार कागद पेटवले तसा गार्ड धावत आला. "बेंकी बेडा, अण्णा!" जाळ नको, असं कानडीत म्हणत त्याने बुटाने जाळ विझवला. त्याचं काय चुकलं? परवानगी मी मागायची होती.

माझा मॅनेजर हेअर ड्रायर घेऊन आला.

"हिला काय केसं हाईत व्हय?" आप्पा हसले.

चाचणीत हलगी भदभदली. मनोऱ्यावर एकही दिवा लागला नाही.

"काका, टेन्शन नका घेऊ," मॅनेजर म्हणाला. "हलगीचा रेडी ट्रॅक आहे आपल्याकडे. तुम्ही नुसती ॲक्शन करा."

"आन् वाजवायचं कुणी?"

"सिस्टीम वाजवेल ना!"

आप्पांनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "करा आप्पा. पाच मिनिटांचं काम आहे."

त्यांनी केलं. काठी कातड्याला न लावता हात हलवत राहिले. कुणा अनोळखी माणसाची हलगी स्पीकरमधून कडाडत होती, मनोरा पेटला होता, पोरं बेभान नाचत होती. मॅनेजरने माझी पाठ थोपटली आणि मी त्याला "थँक यू" म्हणालो.

खाली उतरेपर्यंत व्हिडिओ गावात पोहोचला होता. आप्पांना माझ्या चुलत्यांचा फोन आला, "लई भारी वाजीवलंस, दादा!"

आप्पांनी फोनवर हात ठेवून मला विचारलं, "काय सांगू?"

मॅनेजर शेजारीच उभा होता.

"हो म्हणा," मी म्हणालो.




आप्पांनी फोन माझ्या हातात दिला. "तूच सांग," म्हणाले, आणि हलगी पिशवीत घालायला लागले.