मरहूनचा पाचवा टाक

मरहून आमच्या गावात राहायला आला, तेव्हापासूनच मला तो पटला नव्हता. बाप ओमानचा असला तरी हा जन्मला झांजिबारला. सूर्य उगवून तास झाला की तिकडच्या रीतीनं खुशाल म्हणायचा, "एक वाजला." लोक टर उडवायचे, "मरहून, तुझा एक वाजेपर्यंत आमची कॉफी दोनदा उकळते रे!" तो हसायचा नाही आणि चिडायचाही नाही. असल्या माणसाचा मला आधी संशय येतो.

त्यात माझं कामच वेळेचं. मी ज़ाहिर, फलजचा अरीफ, म्हणजे पाण्याच्या पाळ्या लावणारा. डोंगराच्या पोटातून येणाऱ्या पाटावर, म्हणजे फलजवर, अख्ख्या गावाच्या खजुरी जगतात. कोणाची पाळी कधी संपली, ते मी काठीच्या सावलीवरून सांगतो. सावली नेमून दिलेल्या दगडाला टेकली की मी हाक मारायची, आणि पाण्याचं दारं पुढच्या बागेकडे वळवायचं. माझ्या वडिलांनी हेच केलं, आजोबांनीही हेच केलं.

फक्त ते चोरी करत नव्हते. मी करत होतो.

मुहन्नाची बाग सगळ्यांत वर, आणि त्याच्यामागून पाळी शम्साची. ही विधवा बाई, तिच्या अकरा खजुरी पाटाच्या पार शेपटाला. पाळी मोजायची ती दारं वळल्यापासून, असा आमचा जुना नियम. पाणी कोरड्या पाटातून तिच्यापर्यंत पोचेस्तोवर तिची निम्मी वेळ सरायची. दोन खजुरी माझ्या डोळ्यांदेखत वाळल्या. तेव्हापासून सावली दगडापासून अंगठाभर लांब असतानाच मी मुहन्नाची पाळी संपल्याची हाक मारू लागलो. शम्सालाही हे ठाऊक नव्हतं.

मरहूनकडे एक सागवानी पेटी होती. आत कागदाचा फिरता रूळ आणि त्यावर रेघ ओढणारे शाईचे पाच टाक. पहिला सूर्याची वेळ लिहायचा, दुसरा सूर्यास्तापासून मोजायची जुनी वेळ, तिसरा रेडिओवरची. चौथा रिकामाच होता. पाचव्याबद्दल विचारलं की तो म्हणे, "तो इथली वेळ लिहीत नाही." पण तो टाक हलायचा, हे मी स्वतः पाहिलंय. बाकीचे सरळ चालले असताना तो मध्येच थरथरायचा, थांबायचा, पुन्हा चालू लागायचा.

एके दिवशी बैठकीत मुहन्ना म्हणाला, "माझ्या बागेला पाणी कमी पडतंय. मरहूनची पेटी आठवडाभर दाऱ्यापाशी ठेवू या. चौथ्या टाकाला तरंगता भोपळा बांधा. पाणी कधी उतरतं ते कागदच सांगेल." सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली, न डोलावून सांगतो कोणाला?

त्या आठवड्यात मला घास गोड लागला नाही. सापडलो असतो तर तीन पिढ्यांची अब्रू गेली असती आणि शम्साच्या खजुरीही. हात आवरता घ्यावा, तर नेमका त्याच आठवड्यात पाण्याचा फरक कळला असता. मरहून पेटीशेजारी बसून असायचा आणि मी हाक मारली की माझ्याकडे बघायचा. हा मुहन्नाचा माणूस, अशी माझी खात्रीच झाली.

बुधवारी मी त्याला कॉफीला बोलावलं. खजुराची थाळी पुढे सरकवली आणि सरळ विचारलं, "पाचवा टाक काय लिहितो? खरं सांग."

"झांजिबारला दंगल झाली, त्या सकाळी आम्ही धक्क्यावर होतो," तो म्हणाला. "अस्या, माझी बायको, आईला आणायला मागे गेली. तांडेल घड्याळ बघून म्हणाला, वेळ झाली. बोट सुटली, आणि लांबून ती धावत येताना दिसली. अंगठाभर सावलीचा उशीर, ज़ाहिर. तांडेल तेवढा थांबला असता तर जी वेळ पुढे चालली असती, ती हा टाक लिहितो. अकरा वर्षं अखंड चाललाय. एकदा थांबवला की पुन्हा लागायचा नाही."

बायकोची कसली गोष्ट! अंगठाभर हा शब्द त्यानं माझ्या तोंडाकडे बघत उच्चारला होता. मला सगळं कळलंय, हेच तो सांगत होता. लबाड माणूस, असं मनात म्हणत मी त्याचा कप पुन्हा भरला.

शुक्रवारी नमाजानंतर बैठकीत कागद उलगडला. मुहन्नानं बोट टेकवलं. "हे बघा! सावली दगडाला टेकायच्या आधीच माझं पाणी उतरलंय. दर पाळीला. ज़ाहिर, हे काय आहे?"

मी कागदावर वाकून रेघ निरखल्यासारखं केलं.

"मुहन्ना काका, ती चूक पेटीची आहे," मरहून म्हणाला. "पाचवा टाक चौथ्याला ओढतो. रेघा सरकतात."

"पाचवा कशाची वेळ लिहितो म्हणालास?"

"जी आलीच नाही, त्या वेळेची."

बैठकभर हशा पिकला. कोणीतरी ओरडलं, "झांजिबारचं ऊन डोक्यात गेलंय याच्या!"

मुहन्ना हसला नाही. "म्हणजे पेटी खोटी?"

"खोटी."

"मग बंद कर. इथं, आमच्यासमोर. नाहीतर चूक पेटीची नाही, अरीफची."

मरहूननं एकदा पाचव्या टाकाकडे पाहिलं. मग रुळावर अंगठा दाबला. रूळ थांबला, टाकही थांबला. लोक हसत हसत उठून गेले. मी तोंड उघडलं नाही. या गोष्टीची लाज मला आजही वाटते.

मागाहून मी त्याच्या घरी गेलो. "मी सगळ्यांसमोर खरं सांगतो," म्हणालो.

"आता सांगितलंस तर मी ती पेटी फुकटच थांबवली." तो कागदाची गुंडाळी करत होता. "धक्क्यावर तुझ्यासारखा, कोणासाठी तरी वेळ सरकवणारा एखादा असता ना, तर मला ही पेटी करावी लागली नसती."

"शेवटी काय लिहीत होता तो?"

"अस्याची तांदूळ निवडायची वेळ झाली होती." त्यानं गुंडाळीला दोरी बांधली. "आता निवडून झाले असतील. मला नाही कळणार."

सोमवारी मुहन्नाची पाळी आली. मुहन्ना स्वतः दाऱ्यापाशी उभा होता आणि मरहून रिकाम्या हातांनी पाटाच्या कडेला. सावली दगडापासून अंगठाभर लांब होती.

मी हाक मारली.