कुरुंद्याच्या ओसरीवरच्या तिखट शेवया

सुशीच्या फोनवर मी ‘येते’ म्हणाले खरी, पण फोन ठेवल्यावर ‘नको जायला’ असंच वाटलं.

तिचा मुलगा मिलिंद शेतकऱ्यांच्या गटाबरोबर ठिबक सिंचन बघायला इस्रायलला जाऊन आला होता. सुशी फोनवर सांगत होती, “कसलीशी हिरवट भुकटी आणलीय त्यानं. आंबट लागते, तीळ आहेत. झातर म्हणतात म्हणे. तुझ्या लेकानं कोरियाहून लाल तिखटाची पेस्ट धाडलीय न? घेऊन ये. दोन्ही मिळून नूडल्स करू. पण मला शुगर आहे, तळलेलं जमायचं न्हाई.”

सुशी माझी औरंगाबादच्या कॉन्व्हेंटमधली, एका खोलीतली मैत्रीण. कुरुंद्याला मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झाली. चाळीस वर्षं आम्ही पत्रं लिहिली, लग्नकार्यांत भेटलो, पण एकमेकींच्या घरी गेलो नाही. त्याआधी एकदाच, नववीच्या सुट्टीत, मी तिला हिंगोलीला आमच्याकडे नेलं होतं. माझे वडील देवळाचे पुजारी, सुशीचं घर बौद्ध. आईने आमची पानं स्वयंपाकघरात मांडली आणि सुशीचं एकटीचं बाहेर ओसरीवर. मी आत बसून जेवले. त्यावर आम्ही कधी एक शब्द बोललो नाही. आता ती मला तिच्या घरात रांधू देईल? माझ्या हातचं खाईल?

कोणाला कुरुंद्याला जायचं असेल तर औरंगाबादहून परभणीमार्गे नांदेडला जाणारी सकाळची एसटी धरावी, आणि खिडकी उजवीकडची घेऊ नये, दुपारी ऊन येतं. मी तीच घेतली होती. पेस्टच्या डब्याचं झाकण सैल होतं, म्हणून तो मांडीवर घट्ट धरून बसले. हट्टा गाव येईपर्यंत शेजारच्या बाईंना राहवेना.

“काय वो, लेकरू निजलंय का मांडीवर? अशा धरून राहिल्या!”

“तिखट आहे. कोरियाचं.”

“अगं माय! आपल्याकडं मिरच्या सरल्या काय?”

मी हसले, पण हात सैल झाला नाही.

वसमतला उतरून स्टँडसमोर चहा घेतला. पुढे कुरुंद्यापर्यंत काळी-पिवळी जीप, माणशी दहा रुपये. भरल्याशिवाय हलत नाही, तेव्हा वेळ हाताशी ठेवावा. मला वाटत होतं, भरूच नये. फेब्रुवारी सरत आला होता, शिवारात हळद शिजत होती. तो ओलसर, मातकट वास गावात शिरेपर्यंत सोबत होता.

सुशी दारातच उभी. केस पार पांढरे, आवाज तोच. “वासे, नखं दाखव!” हॉस्टेलच्या सिस्टरसारखी ती म्हणाली, आणि मला थेट स्वयंपाकघरात घेऊन गेली. गॅसपाशी उभं केलं. “घे, तुझंच राज्य.”



नूडल्स म्हणजे तिच्या मागच्या उन्हाळ्यातल्या गव्हाच्या हातशेवया. मी पाकिटातल्या नूडल्ससारख्या चार मिनिटं उकळल्या. लगदा झाला.

“आता यात दूध-साखर घाल अन् पोरांना दे,” सुशी म्हणाली. “हातशेवई हाय ती. उकळत्या पाण्यात टाकली की लगेच काढायची, इतकं साधं विसरलीस?”

दुसऱ्या वेळी तिने चाळण धरली, मी ओतलं, वरून गार पाणी घातलं. भाजलेले तीळ, लसूण, लिंबू आणि थोडं पाणी तिने पाट्यावर वाटलं. मिलिंदने तिकडे असंच खाल्लं होतं. त्यात कोरियाची पेस्ट एकच चमचा, कारण त्या पेस्टमध्ये गोडवा असतो. मग किसलेलं गाजर, काकडी, पातीचा कांदा, सगळं शेवयांत कालवलं आणि वरून झातर.

मी दोन ताटल्या वाढल्या. सुशीने तिची उचलली आणि बाहेर ओसरीवर जाऊन बसली.

मी आत उभी राहिले. दार उघडं होतं. ती दिसत होती, पाठमोरी, एकटी. मग माझी ताटली घेऊन मी बाहेर गेले, आणि तिच्याशेजारी जमिनीवर बसले. गुडघे कुरकुरले.

तिने एक घास खाल्ला. “तुझ्या आईचा मला राग नव्हता,” ती म्हणाली. “पण तुमच्या घरचं दारही असंच उघडं होतं. तू दिसून राहिली होतीस. दोनदा आमटी मागून घेतलीस.”

“हो,” मी म्हणाले. “घेतली होती.” तोंडातलं तिखट डोळ्यांत आलं.

माझी ताटली रिकामी झालेली तिने पाहिली. “काहून थांबलीस? आण आणखी. मलाबी आण.”

मी दोघींना आणलं.

परतताना तिने शेवयांचा डबा भरून दिला. पेस्ट मी तिथेच ठेवली. बसमध्ये तो डबा मांडीवर नुसता ठेवला होता, धरावा लागला नाही. पण घरी आल्यावर कळलं, माफी मागायची राहूनच गेली. दोन दिवस फोन हातात घेऊन पुन्हा ठेवत राहिले. तिसऱ्या दिवशी फोन करून मागितली.

“उशीर केलास,” ती म्हणाली. मग म्हणाली, “डब्यातल्या शेवया किती वेळ उकळल्यास?”