मीठ घातलेला पालक

आई गेली त्या उन्हाळ्यात टेंभुर्णीच्या आमच्या घरामागचा पालक मरावा, असं मला मनापासून वाटत होतं. हे मी बायकोलाही कधी सांगितलेलं नाही.

मोठा दुष्काळ सरून दोन-तीन वर्षं झाली होती. मी जालन्यात शिक्षक होतो आणि गावी आबा, म्हणजे माझे वडील, एकटे राहिले होते. परसात न्हाणीच्या सांडपाण्यावर आईनं खाटेएवढा वाफा केलेला होता. त्यात बारा महिने पालक असायचा. रोप ती कधी उपटत नसे. बाहेरची मोठी पानं देठाशी खुडायची आणि मधली कोवळी राखायची. तुरा निघाला की मोडून टाकायचा, विरळ जागी चिमूटभर बी टोचायचं. उन्हाळ्यात वर पऱ्हाट्यांचा, म्हणजे कपाशीच्या वाळल्या झाडांचा, मांडव असे. त्यामुळे तो वाफा कधी म्हातारा झाल्याचं मी पाहिलं नव्हतं.

जालन्याला चला म्हटलं की आबांचं उत्तर ठरलेलं असे.

"पालक हाय तवर कसा येऊ? तुह्या आईनं लावलाय त्यो."

"आबा, तिकडं मंडईत पालक मिळतो."

"मिळंल की. मंडईचा मिळंल."

शेजारच्या काकू मला ऐकू जाईल अशा बेतानं सुनेला सांगत, "बापाला एकटं टाकून मास्तर लोकाच्या लेकरांना शानपण शिकवून राह्यला." ते मला फार लागायचं. आबांना न्यायचं होतं ते त्यांच्यासाठी किती आणि या बोलण्यासाठी किती, याचा निवाडा मला आजही करता येत नाही.

मे महिन्याच्या सुट्टीत मी गावी राहायला गेलो. वाफा उपटला असता तर आबांनी मला माफ केलं नसतं. तो आपोआप मेल्यासारखा दिसायला हवा होता. मी न्हाणीचा पाट दगड लावून बोळाकडे वळवला. मांडवाच्या पऱ्हाट्या काढल्या आणि वाऱ्यानं पडल्या म्हणून सांगितलं. त्या उन्हात उघडा पालक आठवडाभरही टिकायला नको होता.

पण सकाळी माती ओली असे. बाहेरची पानं देठाशी खुडून चुलीजवळच्या टोपल्यात ठेवलेली असत. हे आबाच करतात असं धरून मी दोन-चार दिवस गप्प राहिलो. मग एकदा जेवताना विचारलं.

"आबा, वाफ्याला पाणी तुम्ही घालता का?"

"मी? मला वाटलं तू घालून राह्यला."

"आणि टोपल्यातली पानं?"

"ती बी तूच आणतो न्हाई का?" त्यांनी माझ्याकडे जरा वेळ पाहिलं आणि भाकरीचा तुकडा मोडला. त्यांच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, उलट काहीतरी निवल्यासारखं होतं.

मी काकूंकडे गेलो. त्या डाळ निवडत होत्या.

"मी कशाला घालू पाणी? तुही आई गेल्यापासून तुमच्या परसात पाय ठेवला न्हाई मी."

"का बरं?"

"काय न्हाई. जा तू, मला काम हाय." त्यांनी माझ्याकडे पाठ केली आणि सूप पुढ्यात ओढलं.

बाभळीचं खोड मारायला आमच्याकडे मीठ घालतात. एका दुपारी आबा पारावर गेले असताना मी खडेमीठ आणलं आणि साऱ्या वाफ्यात मुळाशी पेरलं. परसात पाखरूसुद्धा नव्हतं. तरी मी दोनदा मागे वळून पाहिलं.

पालक मेला नाही. पानं तळव्याएवढी रुंद झाली, जाड आणि काळपट हिरवी. पुढे कितीतरी वर्षांनी शेतीखात्यातल्या एकानं सांगितलं की आपला पालक बिटाच्या जातीचा, खाऱ्या मातीत उलट जोमानं येतो. तेवढं कोडं सुटलं. माती ओली कोण करत होतं, हे त्याला विचारण्यात अर्थ नव्हता.

आबा मात्र खूश होते. "तुही आई मीठ कमीच टाकायची," एकदा ते म्हणाले. "आता बराबर लागतंय. आज तर मी भाजीत टाकलंच न्हाई." मी ताटातली भाजी बाजूला सारली.

पावसाळ्याच्या तोंडावर आबांचे पाय सुजले. जालन्याच्या डॉक्टरांनी पहिली गोष्ट सांगितली ती मीठ बंद करण्याची. वाफ्यातल्या मिठाचं मी त्यांना सांगितलं नाही. औषध पुरं होईपर्यंत आठ-दहा दिवस, या बोलीवर आबा आमच्याकडे राहिले. तिसऱ्या-चौथ्या दिवशीच त्यांनी मला वाफा बघून यायला सांगितलं.

घराला मीच लावलेलं कुलूप होतं. परसाच्या दाराला आतून कडी घातलेली होती. कडी काढून बाहेर गेलो. पाऊस अजून पडला नव्हता, बोळात धूळ उडत होती, आणि वाफ्यातली माती ओली होती. बाहेरची पानं खुडलेली होती. मी घरात परत आलो तेव्हा चुलीजवळच्या टोपल्याकडे पाहायचं नाही असं ठरवलं होतं, तरी पाहिलं. पानांवर पाण्याचे थेंब होते.

मी कुलूप लावून एसटीच्या थांब्यापर्यंत जवळजवळ पळत गेलो.

आबा दारातच बसले होते. मी चपला काढायच्या आधी त्यांनी विचारलं, "कसा हाय पालक?"

"वाळला, आबा."

"सगळा?"

"मुळासकट."

त्यांनी पंच्यानं तोंड पुसलं. "मंग आता गेली म्हणायची तुही आई," ते म्हणाले. आई वारली तेव्हा ते रडले नव्हते. त्या दिवशी रडले. बायकोनं मला खुणेनं विचारलं, काय झालं? मी मान हलवली.

गावाचं नाव त्यांनी पुन्हा काढलं नाही. पायांची सूज उतरली. डॉक्टर खूश झाले, आणि काकूंच्या बोलण्यातून मीही सुटलो. पुढे ते घर विकलं तेव्हा घेणाऱ्याला मी परसाबद्दल एक अक्षर बोललो नाही.

शेवटच्या आजारात एका संध्याकाळी आबांनी मला जवळ बोलावलं. आवाज खोल गेला होता, पण शब्द स्वच्छ होते.

"खरंच वाळला होता का रे?"

ते माझ्याकडेच पाहत होते. मी "हो" म्हणालो.