खालच्या ओळीतला फोटो

अकोला जिल्ह्यातून दोन वर्षांच्या तडीपारीचा आदेश मला एका मंगळवारी सकाळी मिळाला. मी तेवीस वर्षांचा होतो. दुपारी पोलिसांच्या जीपने मला मूर्तिजापूरच्या पुढे, जिल्ह्याच्या हद्दीबाहेर सोडलं. पिशवीत दोन शर्ट, चादर आणि आईने बांधून दिलेल्या भाकरी होत्या. दारात ती रडली नाही. म्हणाली, "तिथं तरी कोनाचा भाऊ बनू नको. नुसता मानूस बनून राय."

अमरावतीत ओळखीचं कोणी नव्हतं. एका दैनिकाच्या छापखान्यात गठ्ठे बांधायचं काम मिळालं, पुढे मुद्रितशोधन, मग बातमीदारी. संपादकांनी शिकवलं: नाव, वय, ठिकाण, वेळ, विशेषणं खोडायची. तडीपारी संपली तरी मी तिथेच राहिलो.

मी कशामुळे गेलो, हे गल्लीत राहिलेल्यांना आणि माझ्यासारख्याच बाहेर पडलेल्यांना ठाऊक आहे. इतरांसाठी सांगतो. गल्लीतल्या टोळीच्या म्होरक्याला सगळे भाऊ म्हणतात; त्याच्या वाढदिवसाचा फ्लेक्स चौकात लागतो. वर भाऊ, खाली शुभेच्छुकांचे छोटे गोल फोटो. त्या ओळीत पहिल्यांदा फोटो लागला की मुलगा टोळीत आला, असं सगळे धरून चालतात. आम्हीही तसंच धरून चाललो. चौकात दोन टोळ्यांची मारामारी झाली, त्यानंतर पोलीस त्याच फ्लेक्सपाशी उभे राहिले आणि एकेक चेहरा बघून घरोघर गेले, माझ्याही. यादी आम्हीच छापून टांगली होती.

त्या मारामारीत माझ्या खांद्यावर चाकू मारणारा, समोरच्या टोळीतला पिंटू आज टोळी सोडून अकोल्यात फ्लेक्स छापतो. छपाईला आलेल्या फ्लेक्सवर नवा कोवळा चेहरा दिसला की तो मला फोन करतो. फ्लेक्स लागण्याआधी आम्ही दोघं त्या मुलाला गाठतो.

गेल्या महिन्यातला चेहरा चेतनचा होता. वय सतरा, गाव पातूर, शिकायला अकोल्यात आयटीआयला. फ्लेक्स आमच्या गल्लीतला आताचा भाऊ मुन्ना याच्या वाढदिवसाचा, रविवारी लागणार होता. शुक्रवारी मी अकोल्याला गेलो, चहाच्या टपरीवर आम्हा दोघांना चेतन भेटला.

"काका, तवा तुमी मजा केली. आता आमाले काहून अडवून राहिले?"

पिंटूने माझी कॉलर बाजूला सारून वण दाखवला. "हे मजा मीनंच केली. पाय, टाके बी सरळ नाई पडले याले."

चेतन हसला आणि मग खरं बोलला. फोटो त्यालाही नको होता. पण काढायला सांगितलं तर मुन्ना अपमान समजेल, ही भीती होती. "मले रोज त्याच्याच चौकातून जा लागते."

"चाल, आमी येतो संग," पिंटू म्हणाला. "पन बोलाचं तू."

मुन्ना त्याच्या गॅरेजमध्ये पोरांसोबत बसला होता. मला बघून म्हणाला, "फ्लेक्सवर माया पयला फोटो तुमीच लावला होता नं, दादा?"

"मीच. चुकलं माझं," मी म्हणालो.

चेतन पुढे झाला. "भाऊ, माया फोटो नका लावू. मले परीक्षा द्याची हाय."

मुन्नाने खुर्ची पुढे ओढली. "ह्या दोघाईनं पढवलं का तुले?"

"नाई. हे तं म्हनत होते, तूच बोल."

मुन्ना पिंटूकडे वळला. "काढ याचा फोटो. जागा रिकामी नको ठेवू, टक्कल पडल्यावानी दिसते. गुलाब टाक तिथं." मग चेतनला म्हणाला, "चौकातून बिनधास्त येत जा. नापास झाला तं मंग पायतो तुले."

रस्त्यावर आल्यावर चेतनने एवढ्या जोरात शिट्टी मारली की समोरचा ऑटोवाला थांबला.

त्या दिवशी मी आईकडे जेवलो. माझ्या आधार कार्डावर पत्ता अमरावतीचा आहे. कोणी गाव विचारलं तर मी अकोला सांगतो. जिथून मला हद्दपार केलं, तिथून आता बोलावणं येतं.

रविवारी फ्लेक्स लागला. खालच्या ओळीत सात चेहरे आणि एक गुलाब होता. सोमवारी सकाळी चेतन त्याच चौकातून वर्गात गेला.