तळघरातला फ्रिज

एकोणीसशे ऐंशीच्या सुमारास अमेरिकेत वेस्ट विंडसरला आमच्या शेजारी एक इटालियन राहायचा. हातात काही असलं की त्याला बोलताच यायचं नाही. आधी वस्तू खाली ठेवायची, मग दोन्ही हात नाचवत गाडी सुरू.

त्याची आई दक्षिणेची, ऑलिव्ह तेल आणि झणझणीत मिरचीवाली. बायको उत्तरेची, सगळं लोण्यात करणारी. "आईचा सॉस घरी नेला की बायको जेवत नाही, आणि बायकोचं कौतुक केलं की आई रडते," तो सांगायचा. मी नुसता हसायचो.

एका रविवारी तो आईकडून भलंमोठं पातेलं घेऊन थेट आमच्या तळघरात उतरला. पातेलं ठेवून म्हणाला, "तुझ्या फ्रिजमध्ये लपव. रोज येऊन खाईन. तुझ्या बायकोला सांगू नकोस."

पातेलं काही केल्या मागे सरकेना. शेवटी मला मागचा स्टीलचा डबा बाहेर काढावा लागला.

"हे काय?"

"सोलापूरहून आईनं पाठवलेली शेंगाचटणी," मी हळूच म्हणालो. "बायको रत्नागिरीची. तिला नारळाशिवाय दुसरं पटत नाही."

त्यानं डब्याकडे पाहिलं, मग वर जिन्याकडे. दोन्ही हात रिकामे होते, तरी गडी पहिल्यांदाच गप्प उभा राहिला.