रफूकाकूंची मधली खोली

रफूकाकूंचं कागदोपत्री नाव काय होतं, ते त्यांच्या नवऱ्यालाही आठवायला जरा वेळ लागला असता. सगळी गल्ली त्यांना रफूकाकू म्हणे. नवऱ्याने एकतीस वर्षं बस चालवली, हजारो माणसं धडधाकट घरी पोचवली, पण निवृत्त झाल्यावर त्यांची ओळख उरली ती 'रफूकाकूंचे काका' एवढीच. "म्हणजे मी माझ्याच बायकोचा काका," असं ते येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत आणि समोरचा हसल्याशिवाय त्याला सोडत नसत.

"जरा ठिगळ लावून द्याल का?" असं कोणी विचारलं की काकूंचा पारा चढे. ठिगळ काय, कोणीही लावतं. रफू म्हणजे फाटल्या जागी एकेक उभा-आडवा धागा सुईने विणून कापडाचं पुन्हा कापड करायचं. धागा शक्यतो त्याच कपड्याच्या आतल्या शिवणीतून काढायचा, आणि तिथे शिल्लक नसेल तर आपल्या डब्यातून जुळवायचा. काकूंच्या डब्यात पुठ्ठ्याच्या तुकड्यांवर गुंडाळलेले तीनचारशे धागे होते. नुसता काळाच अकरा प्रकारचा. कामाची परीक्षा एकच, फाटलं कुठे होतं ते गिऱ्हाइकाला सापडता कामा नये.

हे सगळं त्यांनी तीस वर्षं पुढच्या खोलीच्या खिडकीत बसून केलं. मग मुलाचं लग्न झालं, आणि काकूंनी कोणी न सांगता आपली गादी, डबा आणि सुयांची उशी उचलून मधल्या खोलीत नेली. पुढची खोली मुलाला आणि सुनेला. काकूंचा स्वतःचा संसार सुरू झाला होता तो घरातल्या बोळात, एका पडद्याआड, ट्रंकेच्या शेजारी. रात्री कूस बदलली तरी घरभर कळायचं. आपल्या सुनेच्या वाट्याला ते यायचं नाही, हे त्यांनी तेव्हाच ठरवून टाकलं होतं, सून जन्मायच्याही आधी.

मधल्या खोलीला भिंती चार, दारं दोन आणि खिडकी शून्य. एका अंगाला शेजाऱ्यांचं स्वयंपाकघर, दुसऱ्या अंगाला जिना. भर दुपारी दिवा लावला नाही तर गादीवर काका झोपलेत की नुसती चादर पडली आहे, ते हात लावून बघावं लागे. सून म्हणाली, "आई, मी दिवसभर दुकानात असते. खिडकी रिकामीच असते. तुम्ही तिथेच बसा ना." सून एका कापडाच्या दुकानात काउंटरवर होती. पण काकू म्हणाल्या, "दिली म्हणजे दिली. दिवसा सासू येऊन बसणार असेल, तर ती खोली तुझी कसली?" आणि विषय संपला.

मग वकिलांचा कोट आला. काळा कोट, उजव्या बाहीला कोपराजवळ खिळा लागून फाटलेला. वकीलसाहेबांचं पोट गेल्या काही वर्षांत बरंच पुढे आल्यामुळे शिंप्याने आतली सगळी शिवण आधीच उसवून वापरली होती. धागा काढायला जागाच नाही. काकूंनी डब्यातून काळा जुळवला, दोन दिवस खपून रफू केला, दिव्याखाली बघितला. बेमालूम. आठवड्याने वकीलसाहेब कोट घेऊन परत आले. "काकू, कोर्टाच्या पायऱ्यांवर उन्हात उभा होतो, तर पक्षकार म्हणाला, साहेब बाहीला शाई लागलीये."

काकूंनी कोट जिन्याच्या दाराशी धरला. काळ्या बाहीवर नाण्याएवढा गडद निळा ठिपका. वकील बिचारे भले होते, "घाई नाही, माझ्याकडे दुसरा आहे," म्हणत कोट ठेवून गेले. पण काकूंना वेगळीच शंका आली. हे काम त्यांना वडिलांनी शिकवलं होतं. अठ्ठावन्नाव्या वर्षी त्याच वडिलांनी हिरवा धागा हातात धरून "हा घे निळा" म्हटलं होतं, आणि त्यानंतर त्यांनी सुई धरली नव्हती. काकूंना सत्तावन्न पूर्ण झाली होती.

घरात त्यांनी कोणालाच काही सांगितलं नाही. डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जायचा तर प्रश्नच नव्हता. ते काय सांगणार हे ठाऊक असताना ऐकायला कशाला जायचं? नवं काम आलं की "मनगट दुखतंय" म्हणून त्या परत पाठवू लागल्या. कोट चादरीत गुंडाळून कपाटात गेला. आणि रोज दुपारी सगळे आपापल्या वाटेला लागले की त्या डबा उघडून रंग ओळखत बसत. पुठ्ठ्यामागे रंगाचं नाव लिहिलेलं असे. दहातले तीन चुकत, कधी चार.

घरच्यांना एवढंच दिसत होतं की काकू गप्प झाल्या आहेत, आणि दोष काढायला खोली समोरच होती. काकांनी मोहीम हाती घेतली. आधी त्यांनी डेपोतून बसचा एक भलामोठा जुना आरसा आणून दारासमोर टांगला. जिन्यावरचा उजेड त्यात पडून खोलीभर पसरेल, असा त्यांचा हिशोब. प्रत्यक्षात त्यात काकांचं टक्कल तेवढं चकाके. मग त्यांनी काकूंच्या धाकट्या भावाला बोलावलं. तो रंगारी. त्याच्याकडे एका शाळेच्या कामातून उरलेला दीड डबा पिवळा होता, झेंडूलाही लाजवेल असा.

"ताई, तू दोन दिवस फक्त बाजूला हो. खोलीत सूर्य आणून ठेवतो."

"सूर्य नको, दोन वाट्या उजेड पुरे," काकू म्हणाल्या. पण भाऊ ऐकणाऱ्यातला नव्हता. त्याने चारही भिंती पिवळ्या केल्या आणि उरलेला रंग वाया जाऊ नये म्हणून छतही. काकांनी वरून दोन मोठे दिवे लावले. खोली लखलखली. शेजारीपाजारी बघून गेले, भावाने सगळ्यांकडून कौतुक वसूल केलं आणि जेवून गेला.

दुसऱ्या दिवशी दुपारी काकूंनी त्या लख्ख खोलीत डबा उघडला. आता सबब उरली नव्हती. उजेड होता, पाहिजे तेवढा होता. त्यांनी दहा धागे ओळखले. सहा चुकले. पांढरा त्यांना सायीच्या रंगाचा दिसला, फिका निळा हिरवट. झाकण लावायचंही त्यांना सुचेना. त्या तशाच बसून राहिल्या आणि पदराने डोळे पुसत राहिल्या.

त्या दिवशी सुनेची साप्ताहिक सुट्टी होती, हे त्या साफ विसरल्या होत्या. ती चहा घेऊन आत आली, पाहिलं आणि कप खाली ठेवून समोर बसली. काकूंनी घाईघाईने दोन पुठ्ठे तिच्या पुढे सरकवले, काहीतरी बोलायचं म्हणून. "यातला पांढरा कुठला गं?"

सुनेने दोन्ही उचलले, डोळ्यांजवळ नेले. "दोन्ही सायीचेच आहेत ना?"

"नीट बघ."

"नीटच बघतेय. नाही कळत, आई."

काकूंनी पुठ्ठे उलटे केले. एकावर लिहिलं होतं 'पांढरा', दुसऱ्यावर 'साय'. "तुझे डोळे तरी शाबूत आहेत ना?" त्यांनी विचारलं.

"माझ्या डोळ्यांना काय धाड भरलीये? आमच्याकडे कोणी दिव्याखाली रंग ठरवतच नाही. गिऱ्हाईक तागा उचलून सरळ दारात नेतं. मालक नवीन मुलींना पहिल्या दिवशी हेच शिकवतात, रंग दारात दाखवायचा, नाहीतर माल परत येतो. आणि इथे तर मामांनी भिंतींना हळद फासलीये. उठा."

दोघी डबा घेऊन जिन्याच्या वरच्या पायरीवर बसल्या. तिथल्या जाळीतून स्वच्छ दिवसाचा उजेड येत होता. सून एकेक पुठ्ठा उचलून धरी आणि काकू नाव सांगत. मोरपंखी. राख. विटकरी. निळसर काळा. तपकिरी काळा. चाळीस धागे झाले, एकही चुकला नाही. एक्केचाळिसाव्याला काकूंनी तिचा हात धरला.

"मला वाटलं, संपलं माझं," त्या म्हणाल्या. "तीन महिने झाले. वाटलं, वडिलांसारखे माझेही डोळे गेले."

सुनेने पुठ्ठा डब्यात ठेवला. "आणि मला वाटलं, तुम्ही माझ्यावर रागावलाय. मी आले, खिडकी गेली, म्हणून सुई टाकलीत. मी तर यांना म्हटलंसुद्धा, आपण वेगळं बिऱ्हाड बघूया."

"वेडी का काय तू?"

"मी एकटीच का?" सून म्हणाली. मग दोघी हसल्या, रडल्या, पुन्हा हसल्या. खालून येणाऱ्या शेजारणीला काही कळेना, ती बाजूने अंग चोरून वर गेली.

त्यानंतर खोलीची सूत्रं सुनेने हाती घेतली. मामांना पुन्हा बोलावणं गेलं, पांढऱ्यासाठी. "माझ्या पिवळ्याला लोक लांबून बोलावतात," ते फुगून म्हणाले, पण पिवळं झाकायला पांढऱ्याचे तीन हात मारताना घाम त्यांचाच निघाला. मग सून म्हणाली, पुढच्या आणि मधल्या खोलीमधली भिंत एकाच विटेची आहे. छताखालची दोन हात पट्टी काढून काच बसवू. आमच्या दुकानात मागच्या गोदामाला असाच उजेड येतो.

काकू पुन्हा अडल्या. "तुमच्या खोलीत डोकावल्यासारखं होईल."

"आठ फुटांवर आहे, आई. शिडी लावून बघणार आहात का?"

गवंडी दुसऱ्याच दिवशी आला. काच बसली तसा खिडकीतला उजेड छतावरून पांढऱ्या भिंतींवर उतरला आणि सकाळी नऊपासून चारपर्यंत खोलीत मुक्कामाला राहू लागला. काका आरसा घेऊन घरभर फिरले. शेवटी तो त्यांनी न्हाणीघरात, दाढीसाठी लावला.

काकूंनी कपाटातून कोट काढला. निळा धागा एकेक करून उपसला. तपकिरी काळा घेतला, कारण इतक्या वर्षांच्या धुण्याने कोट आता तसाच झाला होता. तीन दिवस बसल्या. चौथ्या दिवशी शेवटची खात्री करायला त्या कोट घेऊन जिन्यावर गेल्या, उजवी बाही उजेडात धरली आणि दचकल्या. रफू दिसत नव्हता. कोपर वर, खाली, फिरवून, ताणून. स्वतःच्या हाताचं तीन दिवसांचं काम, आणि दिसत नव्हतं. शेवटी डोळे गेलेच, त्यांना वाटलं. त्यांनी सुनेला हाक मारली.

सून कामाला निघाली होती, चपला घालता घालताच आली. तिने बाही घेतली, बघितली, उलटी केली, पुन्हा सुलटी केली. 

"कुठे होतं फाटलेलं?" तिने विचारलं.

काकूंनी बाही परत हातात घेतली. मग त्यांच्या ध्यानात आलं, आणि त्या मटकन पायरीवर बसून पोट धरून हसू लागल्या.

"काय झालं? सांगा तरी, कुठे होतं?"

"मला काय माहीत?" काकू म्हणाल्या. "मलाही दिसत नाहीये."