विहिरीजवळची जुनी झाडं

सकाळी मागचं दार उघडलं आणि सून उंबऱ्यातच थबकली. विहिरीजवळची चार लिंबाची झाडं आडवी पडली होती. पाचव्याशी सासूबाई करवत घेऊन एकट्याच झटत होत्या.

सासूबाईंना गाव फौजदार म्हणायचं; तोंडावर म्हणायची मात्र कुणाची छाती नव्हती. पावसाने पाठ फिरवल्यापासून विहिरीचा कारभार त्यांच्याच हाती होता. मुलाने तोंड धुवायला पेला काठोकाठ भरला की आतून हाक यायची, "वरातीला निघालास का रे?" पाणी लिंबांच्या अर्ध्याच बागेला पुरेल हे दिसलं, तेव्हा जुन्या झाडांचं पाणी बंद करायचा निकालही त्यांनीच दिला होता. मुलगा आठवडाभर घुश्शात होता, पण आड आला नाही. आणि आता ही करवत! वेड लागलं की काय बाईला?

सून अनवाणीच धावली.

"आई, अहो काय करताय हे? मामंजींनी आणि तुम्ही लावलेली झाडं ना ही? पाणी बंद केलंय तेवढं पुरे. राहू दे की उभी. एखादी सर आली तर जगतील."

"नाही जगायची."

"मग आपली आपण वाळू दे. तुम्ही कशाला घाव घालताय?"

सासूबाईंनी तोंड फिरवलं. "पाणी बंद कुठे झालं होतं? माझ्या वाट्याचं प्यायचं पाणी रोज चोरून यांनाच घालत होते. काल इथेच चक्कर येऊन पडले. ही उभी आहेत तोवर माझा हात आवरायचा नाही."

सून आणखी जवळ गेली. आता कुठे तिला त्यांचे फुटलेले ओठ दिसले. घोटाघोटावर नजर ठेवणारी बाई घरातच तहानेने व्याकूळ होती आणि कुणाला पत्ता नव्हता. दोन वेळा शेजारी बसून जेवत होतो आपण, काय डोळे फुटले होते? तिला स्वतःची भयंकर चीड आली. ती धावत आत गेली आणि पाणी घेऊन आली.

सासूबाईंनी पेला ओठांपर्यंत नेला. नजर पाचव्या झाडावर गेली. त्यांनी पेला सुनेकडे परत केला.

"आधी हे पाडू," त्या म्हणाल्या. "याच्यासमोर पाणी घशाखाली उतरायचं नाही माझ्या."

सुनेने पेला लांब नेऊन ठेवला. मग करवतीची दुसरी मूठ धरली आणि ओढली.